दाद मागायची ती कशाची?

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

'पुनर्मूल्यांकनाला उशीर, विद्यार्थी उच्च न्यायालयात' अशा मथळ्याची बातमी आपण सगळ्यांनीच कधी ना कधी वाचलेली असते. विद्यापीठाचं नाव बदलतं, शाखा बदलते, कधी विधी तर कधी अभियांत्रिकी. बातमी तीच राहते. ती वाचून घराघरांत जी प्रतिक्रिया उमटते, तीही ठरलेली. 'मार्क कमी पडले की अभ्यास करायचा सोडून ही पोरं कोर्टात जातात!' लोकलमध्ये, रिक्षाच्या रांगेत, लग्नाच्या पंगतीत मी हे वाक्य ऐकलं आहे. बोलणारी माणसं वाईट नसतात. त्यांचा समज एवढाच असतो, की ही मुलं न्यायमूर्तींसमोर पेपर ठेवतात आणि म्हणतात, साहेब, इथे दोन मार्क वाढवून द्या.

असं काही घडत नाही. उशिराबद्दल जो विद्यार्थी न्यायालयाच्या पायऱ्या चढतो, तो तिथे तारीख मागतो. आमचा पेपर पुन्हा तपासायला घेतलात, फी घेतलीत, पावती दिलीत. आता तो तपासून कधी देणार, तेवढं सांगा. त्याची मागणी एवढीच असते.

मी कविता लिहिणारा माणूस, त्यामुळे शब्दांपाशी जरा थबकतो. न्यायालयात आपण 'दाद मागतो' आणि मुशायऱ्यात शेर आवडला की 'दाद देतो'. शब्द एकच, फारसीतून आलेला, आणि त्याचा मूळ अर्थ न्याय. शेराला दाद द्यायची म्हणजे त्याचा जो हक्क आहे तो त्याच्या पदरात टाकायचा. अर्ज, मुदत, तारीख, हुकूम, वकील हे शब्दही असेच दुरून आले आणि मराठीत पिढ्यान्‌पिढ्या सुखाने नांदत आहेत. असो. सांगायचं ते एवढंच, की मुशायऱ्यातली दाद शेर हवेत असतानाच मिळावी लागते. मैफल उठून, सतरंज्या गुंडाळून झाल्यावर आठ महिन्यांनी कुणी 'वाहवा' म्हणत आला, तर त्या वाहवाचं शायराने करायचं काय? पुनर्मूल्यांकनाच्या निकालाचं नेमकं हेच होतं.

आता ही भानगड नीट समजून घेऊ. निकाल लागला आणि एखाद्या विषयात अपेक्षेपेक्षा फारच कमी गुण दिसले, तर विद्यार्थ्यापुढे साधारण तीन वाटा असतात. पहिली गुणपडताळणीची. यात उत्तरं पुन्हा वाचत नाहीत. बेरीज बरोबर आहे का, एखादं उत्तर तपासायचं राहून गेलं आहे का, आतले गुण मुखपृष्ठावर नीट उतरले आहेत का, एवढंच पाहतात. दुसरी वाट उत्तरपत्रिकेची छायाप्रत मागण्याची. आणि तिसरी पुनर्मूल्यांकनाची, म्हणजे दुसऱ्या परीक्षकाकडून सगळा पेपर नव्याने तपासून घेण्याची. प्रत्येक वाटेची फी वेगळी आणि अर्जाची मुदत निकालापासून अगदी मोजक्या दिवसांची. ती विद्यार्थ्याने पाळायचीच असते. एक दिवस उशीर झाला की अर्ज घेत नाहीत, मग तुमच्या घरी लग्न असो की मयत.

विद्यापीठाच्या बाजूच्या मुदतीचं काय? मूळ निकालापुरती ती कायद्यातच लिहिलेली आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ सांगतो, की त्या अभ्यासक्रमाची शेवटची परीक्षा झाल्यापासून ३० दिवसांत निकाल लावा, आणि काही झालं तरी ४५ दिवसांपलीकडे जाऊ नका. तेवढ्यातही जमलं नाही, तर उशिराची कारणं सविस्तर लिहून शासनामार्फत कुलपतींना, म्हणजे राज्यपालांना, कळवा. पेपर पुन्हा तपासून किती दिवसांत द्यायचा, हे मात्र विद्यापीठाच्या स्वतःच्या नियमांवर आणि परिपत्रकांवर राहतं. सगळं दुखणं इथे आहे. नियम करणारं विद्यापीठ, मोडणारंही तेच, आणि मोडल्याची तक्रार घ्यायची तीही त्याच इमारतीतल्या दुसऱ्या टेबलावर.

उशीर झाला तर नुकसान ते काय होतं? आमच्या शेजारच्या एका मुलीची गोष्ट सांगतो. बी.कॉम.च्या शेवटच्या सत्रात ती एका विषयात नापास दाखवली गेली. विद्यापीठाचं नाव सांगत नाही, कारण त्या नावाच्या जागी दुसरं कुठलंही घातलं तरी गोष्ट बदलत नाही. तिने पुनर्मूल्यांकनाचा अर्ज केला. वडील टेम्पो चालवतात, फीचे पैसे जमवून दिले. निकालाची वाट पाहता पाहता पुढच्या परीक्षेचा फॉर्म भरायची शेवटची तारीख आली. आता काय करायचं? फॉर्म भरला नाही आणि पुनर्मूल्यांकनातही नापासच राहिली, तर आणखी सहा महिने गेले. भरला, तर फी पुन्हा आणि अभ्यासही पुन्हा. तिने फॉर्म भरला, परीक्षा दिली, आणि त्यानंतर तीन आठवड्यांनी पुनर्मूल्यांकनाचा निकाल आला: उत्तीर्ण. म्हणजे जी परीक्षा ती आधीच पास झालेली होती, तीच तिने पुन्हा दिली. मधल्या काळात तिला एका कार्यालयात नोकरी लागत होती. पदवीची गुणपत्रिका हातात नाही म्हणून ती जागा दुसऱ्या कुणाला मिळाली. तिच्या आईने पेढे वाटले खरे. आमच्याकडे पेढे आणून देताना मुलगी स्वतः मात्र दारातच उभी राहिली. अभिनंदन घेऊ की नको, हेच तिला कळत नव्हतं.

या मुलीला गुण मिळाले. ज्या दिवशी त्यांचा उपयोग होता, तो दिवस मात्र निघून गेला होता. बाहेरगावच्या एम.ए., एम.कॉम.च्या प्रवेशाची मुदत, परदेशी विद्यापीठाने मागितलेली अंतिम गुणपत्रिका, वकिलीची सनद, स्पर्धा परीक्षेच्या अर्जातला 'पदवीधर आहात का' हा रकाना, यांतलं कुणीही पुनर्मूल्यांकनासाठी थांबत नाही. प्रत्येकाची आपापली शेवटची तारीख असते, आणि या तारखांचं आपसात बोलणं नसतं.

विद्यापीठाची बाजूही ऐकली पाहिजे. परीक्षा विभागातली सगळी माणसं आळशी आहेत, असं मी म्हणणार नाही. पेपर पुन्हा तपासायचा म्हणजे आधी तो हजारो गठ्ठ्यांतून शोधून काढायचा. पहिल्या परीक्षकाचे गुण झाकायचे. त्या विषयाचा दुसरा परीक्षक मिळवायचा, आणि तो पहिल्याहून वेगळा हवा. लहानशा विषयात असे परीक्षक हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. त्यातून सत्र पद्धत आल्यापासून वर्षातून दोनदा परीक्षा, म्हणजे एका सत्राचे पेपर तपासून होताहेत तोवर दुसऱ्या सत्राचे येऊन पडतात. महाविद्यालयांत कायम शिक्षकांच्या जागा रिकाम्या. तासिका तत्त्वावर काम करणाऱ्या मुला-मुलींच्या जिवावर विभाग चालतात. गठ्ठे तपासायला बसायचं, तर वर्गावर कोण जाणार? तपासून झालं तरी नवे गुण नोंदवहीत चढवायचे, गुणपत्रिका दुरुस्त करायची, तिची छपाई करायची. यातली एक कडी अडकली की सगळं अडकतं.

आणि संशयाचंही ओझं असतं. नागपूर विद्यापीठात १९९९ साली गुणवाढीचा जो घोटाळा उघडकीला आला, त्यात पैसे घेऊन गुण वाढवण्यासाठी पुनर्मूल्यांकनाचीच वाट वापरली गेली होती. तेव्हापासून या टेबलावरच्या फायलीवर एकाऐवजी चार सह्या लागतात, आणि त्यात काही गैर नाही. पण सावधपणासाठी लागणारा वेळ वेगळा आणि कपाटात पडून राहिलेल्या फायलीचा वेळ वेगळा. न्यायालय विचारतं ते या दुसऱ्या वेळेबद्दल.

मुंबई विद्यापीठात २०१७ साली जे घडलं, ते या सगळ्याचं सर्वांत मोठं उदाहरण म्हणावं लागेल. त्या उन्हाळ्याच्या परीक्षांपासून विद्यापीठाने सगळ्याच शाखांच्या उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासायचं ठरवलं. कल्पना वाईट नव्हती. उत्तरपत्रिका स्कॅन करायच्या, त्यांवर बारकोड लावायचा, परीक्षकाने आपल्याच महाविद्यालयात बसून गुण द्यायचे. बेरीज यंत्र करणार, त्यामुळे तिथली चूक टळणार. पण १७ लाखांहून अधिक उत्तरपत्रिका एकदम नव्या पद्धतीत लोटल्या गेल्या. आधी एखाद्या शाखेवर पूर्ण तालीम करून पाहू, हे झालं नाही. स्कॅनिंग रेंगाळलं, शिक्षकांना पासवर्ड मिळेनात, एका विषयाचे पेपर दुसऱ्याच विषयाच्या शिक्षकाच्या पडद्यावर उघडू लागले. कुलपतींनी ३१ जुलैपर्यंत सगळे निकाल लावा असं बजावलं. ती तारीख हुकली, त्यानंतर जाहीर केलेल्याही हुकल्या, शेवटचे निकाल लागेपर्यंत सप्टेंबर उजाडला. काही उत्तरपत्रिका सापडल्याच नाहीत. त्या विद्यार्थ्यांना सरासरी गुण देण्याची पाळी आली. ऑगस्टमध्ये कुलगुरूंना रजेवर जावं लागलं आणि २४ ऑक्टोबर २०१७ रोजी कुलपतींनी त्यांना पदावरून दूर केलं.

वर्तमानपत्रांतली चर्चा बहुतेक इथेच थांबली. पण मुलांच्या दृष्टीने दुसरा अंक आता सुरू होत होता. इतक्या गोंधळात लागलेल्या निकालावर विश्वास कोण ठेवणार? पुनर्मूल्यांकनासाठी अर्जांचा ढीग पडला. जी यंत्रणा मूळ निकाल वेळेत लावू शकली नव्हती, तिच्याच गळ्यात आता हे काम, आणि समोर हिवाळी परीक्षा. त्या तोंडावर आल्या तरी पुनर्मूल्यांकनाचे निकाल पुरते लागलेले नव्हते. पास की नापास हे ठाऊक नसताना पुढच्या परीक्षेला बसायचं, ही शेजारच्या मुलीची गोष्ट तेव्हा हजारो घरांत चालली होती.

त्या वर्षी न्यायालयात जाण्यात विधी शाखेची मुलं पुढे होती, यात नवल नाही. संविधानाचं २२६वं कलम त्यांनी पुस्तकात वाचलेलं होतं. ते स्वतःच्याच निकालासाठी वापरायची वेळ आली. एल्‌एल.एम.चे प्रवेश त्यांच्यासाठी थांबणार नव्हते. कलिन्याच्या परीक्षा भवनात खेटे घालून दमलेली मुलं फोर्टात आली, ती राजाबाई टॉवरच्या सावलीतूनच उच्च न्यायालयात शिरली असतील. कारण विद्यापीठाची ती जुनी वास्तू आणि उच्च न्यायालय एकमेकांच्या शेजारी आहेत, दोन्ही ओव्हल मैदानाकडे तोंड करून, दोन्हींचं बांधकाम १८७८ सालच्या सुमारास पुरं झालेलं. तो मनोरा प्रेमचंद रायचंदांच्या देणगीतून उभा राहिला, त्यांच्या आईच्या नावाने. विद्यापीठाने शहराला दिलेली सर्वांत ठळक वस्तू कोणती म्हणाल, तर घड्याळ!

याच मालिकेतला आणखी एक प्रसंग सांगण्यासारखा आहे. स्कॅनिंगमध्ये पुरवण्या मूळ उत्तरपत्रिकेपासून सुटतात, हरवतात, म्हणून विद्यापीठाने ऑक्टोबर २०१७मध्ये परिपत्रक काढलं, की यापुढे पुरवणी मिळणारच नाही. जे लिहायचं ते मूळ पानांतच बसवा. रोगावर इलाज म्हणून रोग्यालाच कमी बोलायला सांगण्यासारखं हे झालं. विधी शाखेच्या एका विद्यार्थिनीने त्याला आव्हान दिलं आणि उच्च न्यायालयाने ते परिपत्रक रद्द केलं. इथेही न्यायालयाने कुणाचे गुण वाढवले नाहीत, हे ध्यानात घ्या. यंत्राची अडचण विद्यार्थ्याच्या माथी मारू नका, एवढंच त्याचं तात्पर्य.

न्यायालय स्वतः गुण का देत नाही, याची कहाणी महाराष्ट्रातच सुरू झाली. आपल्या राज्याच्या माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाचा त्या काळी नियम होता: उत्तरपत्रिका पाहायला मिळणार नाही आणि पुनर्मूल्यांकनही होणार नाही. विद्यार्थी मुंबई उच्च न्यायालयात गेले, तिथे जिंकले. मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९८४ साली तिथे निकाल फिरला. लाखो मुलांच्या परीक्षेला कुठेतरी पूर्णविराम हवा, प्रत्येक पेपर पुन्हा पुन्हा उघडत बसलं तर कुठलाच निकाल अंतिम राहणार नाही, असा त्या निर्णयाचा गाभा. तेव्हापासून दंडक पडला, की नियमात पुनर्मूल्यांकन नसेल तर ते हक्क म्हणून मागता येत नाही. डिसेंबर २०१७मध्ये उत्तर प्रदेशातल्या शिक्षकभरतीच्या परीक्षेवर बोलताना सर्वोच्च न्यायालयाने हाच दंडक पुन्हा सांगितला. न्यायाधीश हे परीक्षक नव्हेत, आणि एखाद्याची कीव आली म्हणून त्याचा पेपर नव्याने तपासायचा नसतो.

हे मला व्यक्तिशः पटतं. मी बी.ए.ला मराठी घेतलं होतं. एखाद्या कवितेच्या रसग्रहणाला एक परीक्षक पंधरापैकी सहा देईल आणि दुसरा नऊ, आणि दोघेही प्रामाणिक असतील. सहा बरोबर की नऊ, याचा फैसला न्यायमूर्तींनी काय म्हणून करायचा? जिथे उत्तर एकच असतं, तिथली गोष्ट वेगळी. कानपूर विद्यापीठाच्या १९८३च्या प्रकरणात विद्यापीठाने छापलेली उत्तरसूचीच चुकीची होती. तिथे सर्वोच्च न्यायालयाने मुलांची बाजू उचलून धरली. उघड, डोळ्यांना दिसणारी चूक असेल तर न्यायालय हात घालतं. मतभेदाच्या जागी घालत नाही.

१९८४ साली बंद झालेलं एक दार २०११ साली मात्र उघडलं. केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की तपासलेली उत्तरपत्रिका ही माहितीच्या अधिकाराच्या कायद्याखाली 'माहिती' आहे, आणि ज्याची ती आहे त्याला ती पाहता येईल, तिची प्रत घेता येईल. परीक्षकाचं नाव कळणार नाही, ते योग्यच. पण यात एक बारीक अट आहे, जी मुलांना ठाऊक नसते. संस्थेच्या नियमाप्रमाणे उत्तरपत्रिका जितके महिने जपून ठेवायच्या असतात, तेवढ्याच काळात हा हक्क चालतो. त्यानंतर गठ्ठे रद्दीत जातात. म्हणून छायाप्रत मागायची ती पहिल्याच आठवड्यात. पुष्कळदा ती हातात पडल्यावर पुनर्मूल्यांकनाची गरजही उरत नाही. आपलं उत्तर खरोखरच फसलेलं आहे, हे मुलाला स्वतःलाच दिसतं. किंवा उलट, चौथ्या प्रश्नाला गुणच दिलेले नाहीत, हे शेंबड्या पोरालाही दिसेल असं दिसतं.

मग उशिराच्या प्रकरणात न्यायालय करतं तरी काय? त्यासाठी एक जुनं साधन आहे, परमादेश. ज्या सार्वजनिक संस्थेवर एखादं काम करण्याची जबाबदारी आहे आणि ती ते करत नाही, तिला 'तू हे काम कर' असा हुकूम. काम कसं कर, हे सांगायचं नाही. कर, आणि अमुक दिवसांत कर, एवढंच सांगायचं. म्हणजे विद्यापीठाने तुम्हाला नापासच ठरवायचं असेल तर तेही न्यायालयाला चालेल, पण ठरवा. जोडीला कधी अंतरिम आदेश मिळतो: पुनर्मूल्यांकनाच्या निकालाच्या अधीन राहून या मुलाला पुढच्या वर्गात तात्पुरता बसू द्या, किंवा परीक्षेचा फॉर्म घ्या. असा आदेश न्यायालय हात राखूनच देतं, कारण उद्या तो मुलगा नापास ठरला तर त्याची आणि संस्थेची, दोघांचीही पंचाईत होते.

याचिका करण्याआधी काही पायऱ्या आहेत. त्या गाळल्या तर पहिल्याच दिवशी प्रश्न येतो, 'विद्यापीठाला लेखी विचारलं होतं का?' तोंडी विचारलं, फोन केला, खिडकीवरच्या साहेबांनी सोमवारी या म्हणून सांगितलं, हे पुरत नाही. परीक्षा विभागाला एक साधं पत्र द्यायचं: अमुक तारखेला अर्ज केला, पावती क्रमांक अमुक, अद्याप निकाल नाही, आणि उशिरामुळे माझी अमुक प्रवेशाची मुदत चुकते आहे. पत्राच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यायची. मी ओळखीच्या मुलांना सांगतो, बाबांनो, कविता नका लिहू. 'माझ्या भवितव्याची होळी' वगैरे शब्द काढून टाका. तारखा लिहा. न्यायालयात भवितव्याला वजन येतं ते तारखेमुळेच.

दुसरी पायरी तक्रार निवारणाची. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३च्या विनियमांनुसार प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती असायला हवी, आणि विद्यापीठात एक लोकपाल. वेळापत्रकात ठरल्याच्या पलीकडे निकालाला झालेला उशीर हा त्या विनियमांत तक्रारीचा विषय म्हणून स्पष्ट लिहिलेला आहे. समितीने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा, आणि लोकपालांनी अपील आल्यापासून ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करायचा. इथेही गंमत पाहा. माझा पेपर पुन्हा तपासा, अशी मागणी लोकपालही ऐकत नाहीत. ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवला तरच अपवाद. म्हणजे लोकपाल काय नि उच्च न्यायालय काय, दोघेही गुणांना हात लावायला नाखूश. वेळेबद्दल मात्र दोघांकडेही जाता येतं.

पैशांचा प्रश्न उरतोच. उच्च न्यायालय म्हटलं की आईबापांच्या पोटात गोळा येतो. पण १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींतले लोक, अपंग आणि ठरावीक उत्पन्नाखालची माणसं यांना मोफत वकील मिळण्याचा हक्क दिला आहे. स्त्रियांना तर उत्पन्नाची अटही नाही. म्हणजे कुठलीही विद्यार्थिनी उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करू शकते. आमच्या शेजारच्या त्या मुलीला हे कुणीच सांगितलं नव्हतं. तिच्या महाविद्यालयाच्या फलकावर सहलीची सूचना होती, ही नव्हती. अंतरही आता पूर्वीइतकं राहिलेलं नाही. नागपूर, औरंगाबाद म्हणजे आताचं छत्रपती संभाजीनगर, आणि गोवा इथली खंडपीठं होतीच. ऑगस्ट २०२५पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं. ते सहा जिल्ह्यांसाठी आहे, आणि त्यांत रत्नागिरी, सिंधुदुर्गही येतात. या दोन जिल्ह्यांतली महाविद्यालयं मुंबई विद्यापीठाची. तेव्हा सावंतवाडीच्या मुलाचा पेपर मुंबईला अडकला, तरी दाद मागायला त्याला मुंबई गाठायला नको.

माझं स्वतःचं एक म्हणणं आहे, ते सांगून टाकतो. एकेका मुलाने याचिका करून एकेक तारीख मिळवायची, ही काही रीत नव्हे. नियमात एकच ओळ घातली तरी पुष्कळ भागेल: पुनर्मूल्यांकनाचा निकाल लागल्याशिवाय त्या विषयाच्या पुढच्या परीक्षेच्या फॉर्मची मुदत संपणार नाही. आणि त्या ओळीच्या शेपटाला दुसरी: पेपर पुन्हा तपासल्यावर विद्यार्थी पास ठरला, तर त्याने मधल्या काळात भरलेली परीक्षेची फी परत. ज्या दिवशी उशिराचे पैसे विद्यापीठाच्या खिशातून जातील, त्या दिवशी गठ्ठे आपोआप लवकर सापडू लागतील, असा माझा अंदाज आहे. हिशेबनीस लोक कवींपेक्षा व्यवहारी असतात.

तोवर मात्र न्यायालयाच्या आदेशावरच भिस्त. तो मिळाल्यावर मुलं आनंदाने घरी जातात, आणि इथेच पुष्कळदा घोटाळा होतो. आदेशात बहुतेक वेळा असं लिहिलेलं असतं, की 'या आदेशाची प्रत मिळाल्यापासून चार आठवड्यांच्या आत' विद्यापीठाने निर्णय घ्यावा. प्रत मिळाल्यापासून. न्यायालयात निकाल वाचला गेला तेव्हापासून नव्हे. प्रत विद्यापीठाकडे गेलीच नाही, तर ते चार आठवडे सुरूच होत नाहीत. मुदत उलटूनही काम झालं नाही, तर १९७१च्या कायद्याखाली अवमान याचिका करता येते, तीही वर्षाच्या आत. पण त्या वेळी पहिला प्रश्न हाच येणार, की प्रत कधी दिलीत? तेव्हा वकिलांकडून आदेशाची अधिकृत प्रत घ्यायची, दोन झेरॉक्स काढायच्या, स्वतः परीक्षा विभागात जायचं. आवक-जावक कुठे बसते ते विचारायचं. साहेब जेवायला गेले आहेत असं सांगतील. बाकावर बसून राहायचं. एक प्रत त्यांच्या हातात द्यायची आणि दुसरीवर तारखेसह शिक्का मारून घ्यायचा.